विश्लेषण : चेंडू हातात, चहा मात्र मैदानाबाहेर! आंबेडकरांविरुद्ध निवडणूक लढलेले क्रिकेटपटू बाळू पालवणकर कोण होते?

दरवर्षी २० मार्चला महाडच्या चवदार तळ्यावर राज्यभरातून लोक येतात. १९२७ साली याच दिवशी डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी तळ्याचे पाणी ओंजळीत घेतले. सार्वजनिक पाण्यावर सर्वांचा हक्क आहे, हे त्यांनी कृतीतून दाखवले. महाड-पोलादपूरच्या शाळकरी मुलांनाही हा इतिहास ठाऊक असतो. पण त्यानंतर दहा वर्षांनी आंबेडकर मुंबईतून प्रांतिक निवडणुकीला उभे राहिले, तेव्हा त्यांच्यासमोर काँग्रेसने एका निवृत्त क्रिकेटपटूला उमेदवारी दिली होती, हे फारसे सांगितले जात नाही.

त्या क्रिकेटपटूचे नाव बाळू पालवणकर. तेही अस्पृश्य समाजातले, कोकणातल्याच कुटुंबातले. भारतीय संघाला कसोटीचा दर्जा मिळण्याच्या वीस वर्षे आधी त्यांनी इंग्लंडच्या दौऱ्यावर शंभरहून अधिक बळी घेतले होते. मैदानावर ज्यांचा चेंडू सगळ्यांना हवा होता, त्यांना चहा मात्र तंबूबाहेर, वेगळ्या भांड्यात दिला जात असे. त्यांचे आयुष्य आणि कारकीर्द समजून घेऊ या.

बाळू पालवणकर कुठले?

पालवणकर हे आडनाव कोकणातल्या पालवण गावावरून आले. कुटुंब चर्मकार समाजाचे. बाळूंचा जन्म १८७६ च्या सुमारास धारवाडला झाला. वडील लष्करात नोकरीला होते आणि त्यामुळे कुटुंब पुण्याला आले.

त्या काळी कोकणातल्या अनेक अस्पृश्य कुटुंबांसाठी लष्कर हा गावाबाहेर पडण्याचा मार्ग होता. पलटणीतल्या नोकरीने पगार, थोडे शिक्षण आणि गावकीपासून सुटका मिळत असे. महाड तालुक्यातल्या रावढळचे गोपाळबाबा वलंगकर हे असेच लष्करातून निवृत्त झालेले होते. त्यांनी १८८८ साली ‘विटाळ विध्वंसन’ लिहून अस्पृश्यतेला जाहीर प्रश्न विचारले. आंबेडकरांचे वडीलही लष्करातच होते.

पुण्याच्या छावणीत बाळू आणि त्यांचा धाकटा भाऊ शिवराम यांना क्रिकेट दिसले. गोऱ्या अधिकाऱ्यांनी टाकून दिलेल्या बॅटी आणि चेंडू घेऊन दोघे खेळायला शिकले.

तीन रुपये पगाराचा मुलगा गोलंदाज कसा झाला?

बाळूंची पहिली नोकरी पुण्यातल्या पारशांच्या क्रिकेट क्लबमध्ये होती. खेळपट्टी झाडायची, तिच्यावर रोलर फिरवायचा. पगार महिना तीन रुपये. मधूनमधून सभासदांना चेंडू टाकायलाही मिळत.

१८९२ च्या सुमारास ते युरोपियनांच्या पूना क्लबमध्ये गेले. पगार चार रुपये झाला. कामे वाढली. खेळपट्टी तयार करणे, रेषा आखणे, सरावाची जाळी उभारणे आणि टेनिस कोर्टांची निगा राखणे हे सगळे त्यांच्याकडे होते. तिथल्या एका इंग्रज सभासदाने त्यांना सरावासाठी गोलंदाजी करायला सांगितले आणि बाळूंची डावखुरी फिरकी सगळ्यांच्या नजरेत भरली.

क्लबचा सर्वांत चांगला फलंदाज होता जे. जी. ग्रेग. पुढे तो इंग्लंडमध्ये हॅम्पशायर कौंटीकडून खेळला. हा ग्रेग इतरांच्या आधी मैदानावर येऊन बाळूंच्या गोलंदाजीवर सराव करत असे. स्वतःला बाद केल्याबद्दल तो बाळूंना दर वेळी आठ आणे देई, असे सांगितले जाते. चार रुपये पगार असणाऱ्यासाठी आठ आणे ही मोठी रक्कम होती.

या सरावातून बाळूंची गोलंदाजी घडली. चेंडूला उंची देणे, टप्पा न चुकवणे, दोन्ही बाजूंना वळवणे आणि वेग बदलत राहणे ही त्यांची वैशिष्ट्ये बनली. मात्र पूना क्लबमध्ये त्यांच्या हाती कधी बॅट दिली गेली नाही. गोलंदाजी हे घाम गाळण्याचे काम, ते नोकराने करावे आणि फलंदाजी साहेबाने करावी, अशी तिथली विभागणी होती.

ही विभागणी इंग्रजांच्या घरातही होती. इंग्लंडमध्ये हौशी खेळाडूंना ‘जेंटलमन’ आणि पैसे घेऊन खेळणाऱ्यांना ‘प्लेअर’ म्हणत. दोघांच्या कपडे बदलण्याच्या खोल्या वेगळ्या असत. हा भेद तिथे अधिकृतपणे १९६२ साली संपला. तो वर्गाचा भेद होता. पुण्यात बाळूंसमोर वर्गाबरोबरच जातही उभी होती.

हिंदू क्लबने त्यांना संघात का घेतले?

पुण्यातल्या हिंदू क्लबला युरोपियनांना हरवायचे होते. युरोपियनांच्या फलंदाजांची नस ज्याला माहीत आहे असा गोलंदाज शहरातच होता. त्याला घ्यायचे की नाही, यावर क्लबमध्ये वाद झाला. तेलुगू सभासद बाळूंना घ्यावे या मताचे होते, तर ब्राह्मण सभासदांचा विरोध होता. शेवटी जिंकण्याची इच्छा वरचढ ठरली आणि बाळू संघात आले.

पण ते अटींसह आले. मैदानावर बाळूंनी हाताळलेला चेंडू इतर खेळाडू हाताळत. त्या चेंडूला विटाळ नव्हता. चहाच्या वेळी मात्र बाकीचे तंबूत बसत आणि बाळूंना बाहेर मातीच्या भांड्यात चहा दिला जाई. हात-तोंड धुवायचे असेल तर पाणी अस्पृश्य नोकराने आणून द्यायचे. जेवणाची ताटवाटी आणि जागाही वेगळी.

पोलादपूरहून आंबेनळी घाट चढून महाबळेश्वरमार्गे गेले की सातारा लागते. तिथल्या गोऱ्यांच्या जिमखान्याविरुद्ध पुण्याच्या हिंदू संघाचा सामना झाला. बाळूंची फिरकी चालू नये म्हणून यजमानांनी खेळपट्टीवर आधीपासून रोलर फिरवून ती टणक केली होती. तरीही बाळूंनी सात बळी घेतले आणि हिंदू संघ जिंकला.

या यशानंतर न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे आणि लोकमान्य टिळक यांनी जाहीर समारंभांत बाळूंचा गौरव केला. ज्याच्याबरोबर खेळता त्याच्याबरोबर खाता-पिता का येऊ नये, हा प्रश्न त्यामुळे पुण्यात उघडपणे चर्चेत आला.

१९०६ चा सामना एवढा महत्त्वाचा का?

१८९६ मध्ये प्लेगची साथ आली आणि त्यानंतर बाळू मुंबईला गेले. तिथे त्यांना बॉम्बे, बडोदा अँड सेंट्रल इंडिया रेल्वेत नोकरी मिळाली. रेल्वेच्या संघाकडून आणि परमानंददास जीवनदास हिंदू जिमखान्याकडून ते खेळू लागले. जिमखान्यात त्यांच्या प्रवेशालाही विरोध झाला होता, पण कर्णधार कीर्तिकर यांनी त्यांच्यासाठी आग्रह धरला.

फेब्रुवारी १९०६ मध्ये मुंबईत हिंदू विरुद्ध युरोपियन असा सामना झाला. हिंदूंनी दोन डावांत २४२ आणि १६० धावा केल्या. युरोपियन १९१ आणि १०२ धावांत गारद झाले. हिंदू १०९ धावांनी जिंकले. बाळूंनी पहिल्या डावात तीन आणि दुसऱ्या डावात पाच असे आठ बळी घेतले. भाऊ शिवरामही या संघात होता.

तो काळ बंगालच्या फाळणीनंतरच्या स्वदेशी चळवळीचा होता. राज्यकर्त्यांना त्यांच्याच खेळात हरवल्याने या विजयाची देशभर चर्चा झाली. समाजसुधारकांना त्यात आणखी एक गोष्ट महत्त्वाची वाटली. मुंबईच्या जिमखान्यात बाळू एव्हाना सहकाऱ्यांच्या पंगतीला बसू लागले होते. पुण्यात तंबूबाहेर मिळणारा चहा मुंबईत आत आला होता. त्यासाठी मध्ये दहा-एक वर्षे आणि शेकडो बळी जावे लागले.

इंग्लंड दौऱ्यात त्यांनी काय केले?

१९११ मध्ये पतियाळाचे महाराज भूपिंदरसिंग यांच्या नेतृत्वाखाली अखिल भारतीय संघ इंग्लंडला गेला. वेगवेगळ्या धर्मांचे खेळाडू एका संघातून इंग्लंडला जाण्याची ही पहिलीच वेळ होती. महाराज स्वतः बहुतेक सामन्यांना हजर नव्हते. पंचम जॉर्ज यांच्या राज्याभिषेकाचे सोहळे सुरू होते आणि त्यांचा वेळ तिथेच जात होता.

संघाची कामगिरी बेताचीच झाली. २३ सामन्यांपैकी १५ हरले, ६ जिंकले आणि २ अनिर्णित राहिले. बाळूंची आकडेवारी मात्र वेगळीच होती :

– दौऱ्यातील एकूण बळी : ११४
– त्यांपैकी प्रथम श्रेणी सामन्यांत : ७५
– सर्वोत्तम कामगिरी : केंब्रिज विद्यापीठाविरुद्ध १०३ धावांत ८ बळी

त्या वेळी त्यांचे वय पस्तिशीच्या आसपास होते आणि गोलंदाजीचा खांदा दुखत होता. प्रथम श्रेणीतले दोन विजय लेस्टरशायर आणि सॉमरसेट या कौंटींविरुद्ध मिळाले. सॉमरसेटविरुद्धच्या विजयात शिवरामने नाबाद ११३ धावा केल्या.

परत आल्यावर मुंबईतल्या अस्पृश्य समाजाने बाळूंचा जाहीर सत्कार केला. त्या कार्यक्रमात भीमराव आंबेडकर या तरुण विद्यार्थ्याचाही सहभाग होता. त्या वेळी समाजात सर्वदूर ओळखले जाणारे नाव बाळूंचे होते, आंबेडकरांचे नव्हे.

संपूर्ण कारकिर्दीत बाळूंनी ३३ प्रथम श्रेणी सामन्यांत १७९ बळी घेतले. एका बळीमागे त्यांनी सरासरी १५.२१ धावा दिल्या. भारताने पहिला कसोटी सामना १९३२ मध्ये खेळला, तोपर्यंत बाळू निवृत्त होऊन बराच काळ लोटला होता. त्यामुळे विनू मंकड, बिशनसिंग बेदी या डावखुऱ्या फिरकीपटूंची नावे कसोटीच्या नोंदींत सापडतात, बाळूंचे सापडत नाही.

कर्णधारपद का मिळाले नाही?

बाळूंचे तीन भाऊही हिंदू संघाकडून खेळले. शिवराम, गणपत आणि विठ्ठल. १९१२ पासून मुंबईत हिंदू, मुस्लिम, पारशी आणि युरोपियन यांची चौरंगी स्पर्धा सुरू झाली. १९१३ मध्ये चारही पालवणकर बंधू एकाच संघात होते.

संघातील सर्वांत ज्येष्ठ आणि यशस्वी खेळाडू असूनही बाळूंना कर्णधार केले गेले नाही. गोलंदाजी करणे वेगळे आणि उच्चवर्णीय खेळाडूंनी त्यांच्या आज्ञेत खेळणे वेगळे, असे निवडणाऱ्यांना वाटत होते. १९१३ मध्ये कर्णधार झालेले एम. डी. पै हे सारस्वत ब्राह्मण. हा मान आपल्याआधी बाळूंना मिळायला हवा होता, असे त्यांनी स्वतःच जाहीरपणे सांगितले.

१९२० मध्ये हा प्रश्न उघडपणे पेटला. बाळूंना संघातून वगळण्यात आले. पै आजारी असल्याने पहिल्या सामन्यासाठी कर्णधार नेमायचा होता. विठ्ठलला डावलून दि. ब. देवधर यांची निवड झाली. विठ्ठल आणि शिवराम यांनी हा जातीमुळे झालेला अपमान असल्याचे जाहीर करून संघातून माघार घेतली. वृत्तपत्रांतून वाद रंगला.

अखेर तडजोड झाली. पुढच्या सामन्यासाठी पै कर्णधार म्हणून परतले, दोघे भाऊ संघात आले आणि बाळूंना उपकर्णधार करण्यात आले. सामन्यादरम्यान पै मैदानाबाहेर गेले आणि काही काळ संघाची सूत्रे बाळूंकडे आली. हिंदू संघाचे नेतृत्व त्यांना मिळाले ते एवढेच.

१९२३ मध्ये विठ्ठल हिंदू संघाचा कर्णधार झाला आणि संघाने चौरंगी स्पर्धा जिंकली. आपला हा प्रवास विठ्ठलने पुढे ‘माझे क्रीडा-जीवन’ या मराठी आत्मचरित्रात लिहून ठेवला.

महाडचा सत्याग्रह आणि बाळूंचा मार्ग यांत फरक काय?

विठ्ठल कर्णधार झाला त्याच १९२३ साली मुंबई कायदेमंडळात सी. के. बोले यांचा ठराव मंजूर झाला. सार्वजनिक पाणवठे अस्पृश्यांना खुले करावेत, असे त्यात म्हटले होते. महाड नगरपालिकेने पुढच्या वर्षी चवदार तळे खुले केल्याचा ठराव केला. सुरेंद्रनाथ टिपणीस यांच्यासारखे स्थानिक सुधारक त्यामागे होते. तरी पाण्याला हात लावू दिला जात नव्हता. म्हणून १९ आणि २० मार्च १९२७ रोजी महाडला कुलाबा जिल्हा बहिष्कृत परिषद भरली आणि लोक तळ्यावर गेले. पाणी पिऊन परतलेल्यांवर हल्ले झाले.

बाळूंचा अनुभव याच्या उलट दिशेने गेला होता. त्यांना तंबूत जागा मिळाली ती संघाला त्यांची गरज होती म्हणून, आणि आतले काही लोक त्यांच्या बाजूने उभे राहिले म्हणून. त्यामुळे हिंदू समाज आतून बदलू शकतो, यावर त्यांचा विश्वास बसला असावा. महाडच्या तळ्यावर गेलेल्या हजारोंना मात्र कोणत्याही संघाची निकड मदतीला येणार नव्हती. पाणी पिण्यासाठी गुणवत्ता सिद्ध करावी लागू नये, तो हक्क असला पाहिजे, अशी आंबेडकरांची भूमिका होती.

दोघांमधले मतभेद १९३२ मध्ये स्पष्ट झाले. आंबेडकरांनी अस्पृश्यांसाठी स्वतंत्र मतदारसंघ मागितले होते. बाळूंना ते मान्य नव्हते. गांधीजींनी येरवड्याच्या तुरुंगात उपोषण सुरू केल्यावर वाटाघाटी झाल्या आणि २४ सप्टेंबर १९३२ रोजी पुणे करार झाला. स्वतंत्र मतदारसंघांऐवजी प्रांतिक कायदेमंडळांत १४८ राखीव जागा देण्याचे त्यात ठरले. या करारावर सह्या करणाऱ्यांत आंबेडकरांबरोबर बाळूही होते. १९३५ मध्ये आंबेडकरांनी येवल्यात धर्मांतराची घोषणा केली, तीही बाळूंना पटली नाही.

१९३७ च्या निवडणुकीत काय झाले?

१९३५ च्या कायद्यानुसार फेब्रुवारी १९३७ मध्ये मुंबई प्रांतात निवडणूक झाली. आंबेडकर आपल्या स्वतंत्र मजूर पक्षातर्फे भायखळा-परळ भागातल्या राखीव जागेवर उभे होते. काँग्रेसने त्यांच्यासमोर बाळूंना उतरवले. हा गिरणगावाचा भाग. कुलाबा आणि रत्नागिरी जिल्ह्यांतून, म्हणजे महाड-पोलादपूरच्या खोऱ्यांतूनही, पोटासाठी गेलेले चाकरमानी तिथल्या चाळींत राहत होते.

निकाल असा लागला :

– डॉ. बाबासाहेब आंबेडकर : १३,२४५ मते
– बाळू पालवणकर : ११,२२५ मते

आंबेडकर २,०२० मतांनी जिंकले. त्यानंतर काही आठवड्यांतच, १७ मार्च १९३७ रोजी, मुंबई उच्च न्यायालयाने चवदार तळ्याच्या खटल्याचा निकाल दिला. अस्पृश्यांना तळ्यापासून दूर ठेवण्याची रूढी अनादी काळापासूनची असल्याचा दावा न्यायालयाने फेटाळला. जो हक्क १९२७ मध्ये ओंजळीत घेतला होता, त्यावर कायद्याची मोहोर उमटली.

त्यांचा विसर का पडला?

बाळूंचे ४ जुलै १९५५ रोजी मुंबईत निधन झाले. त्यानंतर त्यांचे नाव हळूहळू मागे पडले. क्रिकेटचा इतिहास कसोटीपासून मोजला जातो आणि ते कसोटी खेळले नाहीत. राजकारणाच्या इतिहासात ते आंबेडकरांकडून हरलेले काँग्रेसचे उमेदवार म्हणून उरले. त्यामुळे खेळाची आठवण ठेवणारे आणि चळवळीची आठवण ठेवणारे, दोघांनीही त्यांच्यासाठी फारशी जागा ठेवली नाही.

इतिहासकार रामचंद्र गुहा यांनी २००२ मधील आपल्या क्रिकेटविषयक ग्रंथात बाळूंचे चरित्र सविस्तर मांडले आणि नव्या पिढीला ते पुन्हा माहीत झाले. त्याच सुमारास आलेल्या ‘लगान’ चित्रपटातल्या कचरा या फिरकी गोलंदाजाची तुलनाही बाळूंशी केली जाते. मात्र कचरा हे काल्पनिक पात्र आहे आणि एका सामन्यानंतर त्याची गोष्ट संपते. बाळूंची गोष्ट पुढे कर्णधारपदाच्या वादातून, पुणे करारातून आणि मतपेटीतून गेली.

भाताची कापणी झाली की महाड आणि पोलादपूरच्या गावांत मोकळ्या शेतात खेळपट्ट्या तयार होतात, रोलर फिरतात, मुंबईहून आलेल्या चाकरमान्यांसह स्पर्धा रंगतात. खेळपट्टी सांभाळणाऱ्या मुलाच्या हातीही बॅट-चेंडू येतो आणि चहा सगळ्यांना एकाच किटलीतून मिळतो. ज्या माणसाने महिना तीन रुपयांवर खेळपट्टी झाडून आपला खेळ घडवला, त्याला त्याच्या उमेदीत या दोन्ही गोष्टी सहज मिळाल्या नव्हत्या.